स्वावलंबन म्हणजे सरकारची सुटका नव्हे

दरवर्षी २२ सप्टेंबरला महाराष्ट्रात एक सोहळा यथासांग पार पडतो. कर्मवीर भाऊराव पाटील यांच्या पुतळ्याला हार घातला जातो, शाळकरी मुलांची प्रभातफेरी निघते आणि संध्याकाळी एखादे मंत्रिमहोदय व्यासपीठावरून अण्णांच्या स्वावलंबी शिक्षणाचा गौरव करतात. रयत शिक्षण संस्थेचे ब्रीदच स्वावलंबी शिक्षण हे असल्याने या गौरवाला कोणी हरकत घेण्याचे कारण नाही. परंतु भाषणाचे पुढचे वाक्य नीट ऐकले पाहिजे. ते बहुधा असे असते की, सरकारने सर्वच करावे ही अपेक्षा आता चुकीची आहे, शिक्षणसंस्थांनी स्वतःच्या पायावर उभे राहिले पाहिजे आणि विद्यार्थ्यांनीही शिक्षणाची किंमत ओळखली पाहिजे. टाळ्या पडतात. ज्या माणसाने आपले उभे आयुष्य गरिबाच्या मुलाला शिक्षणाची किंमत मोजावी लागू नये म्हणून झिजवले, त्याच्याच पुतळ्याखाली त्या किमतीचे समर्थन झालेले असते आणि श्रोत्यांत बसलेल्या अध्यापकांपैकी, विद्यार्थ्यांपैकी कोणालाही उठून 'हे खोटे आहे' असे म्हणावेसे वाटत नाही.

ते आज म्हटले पाहिजे. भाऊरावांचे 'स्वावलंबन' आणि सरकारी परिपत्रकांतील 'स्वयंअर्थसहाय्य' हे दोन शब्द कानाला जवळचे वाटत असले तरी अर्थाने एकमेकांचे वैरी आहेत. पहिल्या शब्दाने गरिबाच्या मुलाचा शिक्षणावरील हक्क उभा केला. दुसऱ्याने तो मोडीत काढला. पहिल्याने श्रमाला ज्ञानाच्या दारात मानाने आत घेतले. दुसऱ्याने पैशाला तेथे द्वारपाल म्हणून बसवले. साताऱ्याच्या छत्रपती शिवाजी महाविद्यालयाची आणि त्यामागे उभ्या असलेल्या चळवळीची हकिकत जो डोळे उघडे ठेवून वाचील, त्याला या दोन शब्दांची गल्लत करता येणार नाही. ही गल्लत अज्ञानाने होते असे मानण्याइतके आपण भाबडे राहू नये. ती सोयीची आहे, म्हणूनच केली जाते.

ही हकिकत महाविद्यालयाच्या कितीतरी आधी सुरू होते. १८८२ साली महात्मा जोतीराव फुले यांनी हंटर आयोगापुढे निवेदन सादर केले, त्यातील मुख्य तक्रार हिशेबाची होती. शेतकऱ्याच्या घामातून निघालेल्या सारापट्टीवर सरकार उच्चवर्णीयांच्या मुलांची महाविद्यालये चालवते आणि त्या शेतकऱ्याच्या मुलाला मात्र गावात साधी शाळाही मिळत नाही, हा अन्याय त्यांनी मांडला. वरच्यांना शिकवा म्हणजे विद्या आपोआप खाली झिरपेल, हा त्या काळच्या राज्यकर्त्यांचा सिद्धांत होता. पाणी वरून खाली झिरपते. विद्या तशी झिरपली नाही. ती वरच्या मजल्यावरच साठून राहिली. कोल्हापुरात राजर्षी शाहू महाराजांनी विसाव्या शतकाच्या आरंभी वेगवेगळ्या जातीजमातींच्या मुलांसाठी वसतिगृहे उघडली आणि १९१७ साली सक्तीच्या मोफत प्राथमिक शिक्षणाचा हुकूम काढला, तो या अन्यायावरचा राजाने केलेला उपाय होता. भाऊराव त्याच कोल्हापुरात वाढले. परंतु ते राजे नव्हते. मॅट्रिकची पायरीही न ओलांडलेले, कारखानदारांचे नांगर खेडोपाडी विकत हिंडणारे गृहस्थ होते. त्यांच्यापाशी खजिना नव्हता. म्हणून त्यांनी जो खजिना बहुजन समाजापाशी होता, तो वापरला. तो खजिना म्हणजे श्रम.

१९१९ साली कराड तालुक्यातील काले या गावी रयत शिक्षण संस्थेची स्थापना झाली आणि १९२४ साली संस्थेचे बिऱ्हाड साताऱ्यास आले. तेथील वसतिगृहात मराठा, महार, मांग, जैन, मुसलमान अशी सर्व मुले एकत्र राहत, एका पंक्तीला जेवत, आणि भाकऱ्या थापण्यापासून शेण काढण्यापर्यंतची कामे आपसांत वाटून घेत. गावोगाव मुष्टिफंड गोळा केला जाई. घरची बाई दळायला बसताना मूठभर धान्य बाजूला काढी आणि त्या मुठीमुठींतून वसतिगृहाची चूल पेटे. जेव्हा ती मूठही अपुरी पडली तेव्हा लक्ष्मीबाई पाटील यांनी अंगावरचे दागिने काढून दिले. शेवटी मंगळसूत्रही मोडले. १९३० साली त्या गेल्या. आज ज्यांना 'लोकसहभाग' हा शब्द फार आवडतो, त्यांनी आपल्या अंदाजपत्रकात या मंगळसूत्राची नोंद कोणत्या सदराखाली करणार ते एकदा सांगावे.

१९२७ साली महात्मा गांधींनी साताऱ्याच्या वसतिगृहाला भेट दिली, तेव्हा सर्व जातींची मुले एकत्र नांदताना त्यांना तेथे पाहावयास मिळाली. पुणे करार झाला त्याच १९३२ साली भाऊरावांनी पुण्यात युनियन बोर्डिंग काढले. देशातले पुढारी अस्पृश्यतेवर ठराव करीत असताना या माणसाने एक चूल आणि एक पंगत उभी केली होती. येथे श्रमाचा खरा अर्थ ध्यानात घेतला पाहिजे. वसतिगृहातील काम हे फीच्या ऐवजी वसूल केलेली वेठ नव्हती. ज्याच्या बापाकडे दोन एकर होते तोही खोदत होता आणि ज्याच्या बापाकडे काहीच नव्हते तोही खोदत होता. आपल्या समाजाने हजार वर्षे डोके एका जातीला आणि हात दुसऱ्या जातीला वाटून दिले होते. ती वाटणी मोडण्यासाठी सगळ्यांच्याच हाती कुदळ दिली गेली. काम करणे ही दारिद्र्याची खूण उरली नाही, म्हणून शिकणे ही श्रीमंतीची खूण उरली नाही. स्वावलंबी शिक्षणाचे मर्म एवढेच आहे. ज्याने हे मर्म काढून टाकले आणि फक्त कुदळ शिल्लक ठेवली, त्याने भाऊरावांचे नाव घेऊ नये.

वसतिगृहातून मुले मॅट्रिकपर्यंत पोहोचू लागली तेव्हा पुढचा प्रश्न उभा राहिला. सातारा जिल्ह्यातील खेडेगावच्या मुलाने मॅट्रिकनंतर जायचे कोठे? पुणे, सांगली नाहीतर कोल्हापूर. तेथे खोलीचे भाडे, खाणावळीचे पैसे, फी, पुस्तके आणि शिवाय शहरी मुलांच्या नजरा. हा सगळा खर्च शेतकऱ्याच्या घरी एका म्हशीच्या विक्रीतून भागणारा नव्हता, आणि दुसरी म्हैस नसे. तेव्हा हा प्रश्न साताऱ्यातच सोडवण्याचे ठरले आणि जून १९४७ मध्ये, देश स्वतंत्र होण्याच्या दोन महिने आधी, छत्रपती शिवाजी महाविद्यालय सुरू झाले. विद्यार्थ्याने काम करावे, संस्थेने त्याच्या राहण्याजेवणाची आणि शिक्षणाची जबाबदारी घ्यावी, अशी ही 'कमवा आणि शिका' पद्धती होती. महाविद्यालयीन शिक्षण म्हणजे बंगल्यातील मुलांनी पांढऱ्या कपड्यांत घालवायची चार वर्षे, ही समजूत साताऱ्याने मोडली. मातीने भरलेल्या पायांनी तर्कशास्त्राच्या तासाला बसता येते, हे तेथे सिद्ध झाले.

या महाविद्यालयाच्या नावाबद्दल साताऱ्याकडे एक गोष्ट अजून सांगितली जाते. एका धनिकाने मोठी देणगी देऊ केली, अट एवढीच की महाविद्यालयाला आपले नाव द्यावे. एक वेळ बापाचे नाव बदलीन, पण महाविद्यालयाला दिलेले शिवछत्रपतींचे नाव बदलणार नाही, अशा आशयाचे उत्तर देऊन भाऊरावांनी ती देणगी परत केली. आजच्या कित्येक शिक्षणसंस्थांच्या कमानी या गोष्टीच्या प्रकाशात वाचाव्यात. संस्थापकाचे नाव, त्याच्या वडिलांचे नाव, मातोश्रींचे नाव, आणि एवढे करूनही एखादी इमारत उरलीच तर चिरंजीवांचे नाव! गरिबाने कमवून जी संस्था उभी केली तिने धनिकाचे नाव नाकारले. गरिबाच्या फीवर ज्या संस्था उभ्या राहिल्या त्यांना संस्थापकाच्या कुटुंबाबाहेरचे नाव सुचेनासे झाले.

आता या हकिकतीतील तो प्रसंग सांगितला पाहिजे, जो जयंतीच्या भाषणांतून कटाक्षाने वगळला जातो. स्वातंत्र्यानंतर लगेचच, बाळासाहेब खेर मुंबई राज्याचे मुख्यमंत्री असताना, भाऊरावांनी सरकारवर जाहीर टीका केली आणि रयत शिक्षण संस्थेचे सरकारी अनुदान बंद झाले. स्वावलंबन म्हणजे सरकारच्या पैशावाचून चालणे, हा जर भाऊरावांच्या तत्त्वज्ञानाचा अर्थ असता, तर त्यांनी या घटनेचे स्वागत केले असते. बरे झाले, जोखड गेले, आता आपण आपल्या पायावर उभे राहू, असे ते म्हणाले असते. प्रत्यक्षात काय घडले? संस्था लोकवर्गणीवर तगली, शिक्षकांनी हाल सोसले. पण अनुदानावरचा हक्क कोणी सोडला नाही. गाडगे महाराजांनी सरकारदरबारी शब्द टाकला आणि अनुदान पुन्हा सुरू झाले. पुढे १९५४ साली कराडला संस्थेचे दुसरे महाविद्यालय निघाले, त्याला गाडगे महाराजांचेच नाव देण्यात आले, हे योग्यच झाले.

या प्रसंगाचा अर्थ स्वच्छ आहे. भाऊरावांनी लोकांचे श्रम आणि लोकांची वर्गणी सरकारला कर्तव्यातून मोकळे करण्यासाठी वापरली नाही. सरकारला कर्तव्याची जाणीव देण्यासाठी वापरली. आम्ही आमचे काम केले आहे, आता तुम्ही तुमचे करा, असा त्यांचा रोकडा व्यवहार होता. सरकारवर टीका करण्याचे स्वातंत्र्यही हवे आणि सरकारचे अनुदानही हवे, यात त्यांना विसंगती वाटली नाही. ती नाहीच. अनुदान हा मंत्र्याच्या खिशातला पैसा नसून रयतेने भरलेल्या करातला पैसा असतो. स्वतःच्या पैशाचा हिशेब मागणाऱ्याला लाचार म्हणत नाहीत.

महाराष्ट्र राज्याच्या आरंभीच्या काळात हा व्यवहार काही अंशी मान्य झाला. त्या सुमारास आर्थिकदृष्ट्या मागास पालकांच्या मुलांना फीमाफीची सवलत मिळाली. त्या काळी 'ई. बी. सी.' ही तीन अक्षरे खेडोपाडच्या घराघरांत पोहोचली होती. तलाठ्याचा उत्पन्नाचा दाखला मिळाला की मुलगा कॉलेजात जाई. अनुदानित महाविद्यालये तालुक्याच्या गावी निघाली. तो काळ सुवर्णयुग होता असे सांगण्याचा मोह येथे टाळला पाहिजे. संस्थांत जातीचे आणि नात्यागोत्याचे राजकारण तेव्हाही होते, प्रयोगशाळा रित्या होत्या आणि दलितांच्या व भटक्यांच्या वस्तीपर्यंत ही गंगा फारशी पोहोचली नव्हती. पण दिशा ठरलेली होती. शिक्षणाचा खर्च समाजाने मिळून उचलायचा, हे तत्त्व उघडपणे नाकारण्याची छाती कोणाला नव्हती.

ती छाती १९८३ साली झाली. वसंतदादा पाटील मुख्यमंत्री असताना विनाअनुदान तत्त्वावर खाजगी अभियांत्रिकी महाविद्यालये आणि तंत्रनिकेतने काढण्यास परवानगी देण्यात आली. कर्नाटकात देणग्या मोजून शिकायला जाणारी आपली मुले घरीच शिकतील, असा युक्तिवाद होता, आणि तो अगदीच निराधार होता असे नाही. परंतु दार एकदा उघडले की आत कोण शिरेल हे दार उघडणाऱ्याच्या हाती राहत नाही. चारच वर्षांत, १९८७ साली, याच राज्याला कॅपिटेशन फीला प्रतिबंध करणारा कायदा करावा लागला. सरकारने स्वतःच्या धोरणाविरुद्ध दिलेली ती कबुलीच होती. २००१ पासून नव्या महाविद्यालयांना 'कायम विनाअनुदान' तत्त्वावरच परवानगी देण्याचे धोरण आले. मराठी भाषेत 'कायम' हा शब्द सरकारने इतक्या निष्ठेने दुसऱ्या कोणत्या आश्वासनाला लावल्याचे स्मरत नाही. शिक्षकांच्या प्रदीर्घ आंदोलनानंतर २००९ साली शाळांपुढचा हा शब्द काढण्यात आला, तर २०१२ साली स्वयंअर्थसहाय्यित शाळांचा वेगळा कायदाच झाला. एका हाताने शब्द पुसायचा आणि दुसऱ्या हाताने तोच अर्थ कायद्यात लिहायचा, याला राज्यकारभारातील चातुर्य म्हणतात.

या चातुर्याची फळे पाहायची असतील तर कोणत्याही तालुक्याच्या महाविद्यालयात सकाळी जाऊन शिक्षकांच्या खोलीत बसावे. तेथे तासिका तत्त्वावरचे अध्यापक भेटतील. त्यांनी पदव्युत्तर पदवी घेतलेली असते, नेट वा सेट उत्तीर्ण केलेली असते, पुष्कळांनी पीएच. डी. केलेली असते. त्यांना पैसे मिळतात ते घेतलेल्या तासांचे. दिवाळीच्या सुट्टीत तास नाहीत म्हणून पैसे नाहीत, परीक्षेच्या काळात तास नाहीत म्हणून पैसे नाहीत, आणि मे महिन्यात तर महाविद्यालयच नाही. माझ्या परिचयाचे असे एक अध्यापक आहेत. सकाळी ते अर्थशास्त्र शिकवतात, त्यात किमान वेतनाचा सिद्धांत येतो. दुपारनंतर नातेवाइकाच्या खत-बियाण्यांच्या दुकानात हिशेब लिहितात. त्यांचा एक विद्यार्थी त्याच रस्त्यावरच्या पेट्रोलपंपावर रात्रपाळी करतो आणि सकाळी पहिल्या तासाला डुलक्या घेतो. ते त्याला रागावत नाहीत. रागावण्यासाठी लागणारा नैतिक अधिकार आपल्या पगारपत्रकात नाही, असे ते म्हणतात. गुरुही कमावून शिकवतो आणि शिष्यही कमावून शिकतो, मग अण्णांचे स्वप्न पुरे झाले की! फक्त ज्या महाविद्यालयाने या दोघांची जबाबदारी घ्यायची, ते या व्यवहारातून नाहीसे झाले आहे.

येथे विरोधी पक्षाचे म्हणणे प्रामाणिकपणे ऐकून घेतले पाहिजे. पहिला आक्षेप असा की सरकारकडे पैसा नाही. कोठारी आयोगाने १९६६ साली राष्ट्रीय उत्पन्नाच्या ६ टक्के रक्कम शिक्षणावर खर्च करण्याचे उद्दिष्ट घालून दिले. १९६८ च्या शैक्षणिक धोरणाने ते मान्य केले आणि २०२० च्या धोरणानेही तेच ६ टक्के पुन्हा लिहिले. अर्धशतकाहून अधिक काळ जे उद्दिष्ट प्रत्येक धोरणात लिहिले जाते आणि प्रत्येक अंदाजपत्रकात विसरले जाते, त्याला पैशाचा अभाव म्हणत नाहीत, इच्छेचा अभाव म्हणतात. मुष्टिफंडावर वसतिगृहे चालवणाऱ्या समाजाला दारिद्र्य कशाला म्हणतात ते कोणी नव्याने शिकवू नये.

दुसरा आक्षेप असा की ज्यांना परवडते त्यांनी फी भरावी, गरिबाला सवलत आहेच. सवलती आहेत हे खरे आहे. मागासवर्गीय विद्यार्थ्यांना शिष्यवृत्ती आहे, राजर्षी शाहू महाराजांच्या नावाने शुल्क-सवलतीची योजना आहे, आणि २०२४-२५ या शैक्षणिक वर्षापासून ८ लाखांच्या आत उत्पन्न असलेल्या कुटुंबांतील मुलींना व्यावसायिक अभ्यासक्रमांसाठी शुल्कमाफी जाहीर झाली आहे. या शेवटच्या निर्णयाचे आम्ही मनापासून स्वागत करतो. परंतु फीमाफी म्हणजे शिक्षण नव्हे. मुलीची फी माफ झाली तरी तिने राहायचे कोठे, जेवायचे काय आणि तिला शिकवणारा माणूस पुढच्या सत्रात असणार आहे की नाही, याचे उत्तर त्या निर्णयात नाही. शिवाय परताव्याची रक्कम सरकारकडून रखडली की महाविद्यालय विद्यार्थ्याचा दाखला अडवून धरते, हा अनुभव महाराष्ट्राला नवा नाही. सरकारचे देणे आणि विद्यार्थी ओलीस, असा हा प्रकार आहे. भाऊरावांनी मुलाला फीची माफी दिली नाही. त्यांनी त्याला छप्पर, भाकरी, पुस्तक आणि मास्तर दिला. माफी अपराध्याला देतात. गरिबी हा अपराध नाही.

तिसरा आक्षेप अधिक सूक्ष्म आहे आणि तो आपल्याच गोटातून येतो. काम करता करता शिकणे हा अण्णांचाच विचार आहे, मग आजच्या कौशल्य-शिक्षणाला आणि प्रशिक्षण-योजनांना नाके का मुरडता, असे आपले काही मित्र विचारतात. त्यांनी २०२४ साली जाहीर झालेली मुख्यमंत्री युवा कार्य प्रशिक्षण योजना आठवावी. बारावी झालेल्यास महिना ६ हजार, आय. टी. आय. वा पदविकाधारकास ८ हजार, पदवीधरास १० हजार रुपये विद्यावेतन आणि सहा महिन्यांचे काम, असे तिचे मूळ रूप होते. मुदत संपल्यावर पुढे काय, हा प्रश्न त्या तरुणांनीच रस्त्यावर येऊन विचारला. ज्या कार्यालयात कायम पदे रिकामी आहेत तेथे प्रशिक्षणार्थी म्हणून बसवलेला पदवीधर काय शिकतो? कायम नोकरीवाचून कार्यालय चालते, एवढेच तो कार्यालयाला शिकवतो. साताऱ्यात विद्यार्थ्याचे श्रम त्याच्या शिक्षणात जमा होत होते; येथे त्याचे शिक्षण मालकाच्या स्वस्त मजुरीत जमा होते. विद्यापीठांतून भाऊरावांच्या नावाने चालणाऱ्या 'कमवा व शिका' योजनांतही काम तासांवर मोजले जाते आणि ते करायला येतात ती फक्त गरिबांची मुले. श्रीमंतांच्या मुलाने फी भरावी आणि गरिबाच्या मुलाने बागेला पाणी घालावे, ही जुनीच वर्णव्यवस्था आहे. तिच्या हाती फक्त हजेरीपट आला आहे.

परंतु सगळा दोष सरकारच्या पदरात टाकून आपण मोकळे होणार असू, तर हा लेख लिहिण्यात अर्थ नाही. ज्या पश्चिम महाराष्ट्राच्या मातीत भाऊराव जन्मले, त्याच मातीत शिक्षणसम्राट नावाची जमात उगवली. कारखाना, बँक, दूध संघ आणि शिक्षणसंस्था एकाच घराण्याच्या हाती एकवटल्या, तेव्हा बहुजन समाजाची प्रगती होत आहे असे समजून आपण टाळ्या वाजवल्या. ज्या पिढीने वसतिगृहात भाकऱ्या थापून शिक्षण घेतले, तिच्यातील कित्येकांनी पुढे अनुदानित महाविद्यालयात नोकरी केली, निवृत्तिवेतन घेतले आणि स्वतःच्या नातवंडांना इंग्रजी माध्यमाच्या महागड्या शाळेत घातले. ज्या शिडीने आपण वर आलो ती मोडत असताना आपण गच्चीत गप्पा मारत होतो. शिक्षकांच्या संघटनांनी वेतन आयोगासाठी जेवढे मोर्चे काढले, त्याच्या दशांशानेही तासिका तत्त्वावरच्या सहकाऱ्यांसाठी काढले नाहीत. पुरोगामी म्हणवणाऱ्यांनी हे निमूटपणे पाहिले. हा हिशेबही मांडला गेला पाहिजे, आणि तो मांडताना प्रस्तुत लेखकाने स्वतःला वगळलेले नाही.

२०२१ साली साताऱ्याला कर्मवीर भाऊराव पाटील यांच्या नावाने समूह विद्यापीठ स्थापन झाले आणि छत्रपती शिवाजी महाविद्यालय त्याचे घटक झाले. १९४७ साली खेड्यातल्या मुलाला आत येता यावे म्हणून उघडलेले दार आज एका विद्यापीठाचे महाद्वार झाले आहे. या घटनेचा आनंद मानण्यास संकोच करण्याचे कारण नाही. परंतु अशा प्रत्येक विद्यापीठाची, प्रत्येक स्वायत्त महाविद्यालयाची कसोटी त्याच्या मानांकनात नसते. ऊसतोडणीला गेलेल्या आईबापांची मुलगी खिशात एक पैसा नसताना तेथे आली, तर ती तीन वर्षे राहून, जेवून, शिकून सन्मानाने बाहेर पडू शकते का? उत्तर 'होय' असेल तर भाऊरावांचे नाव तेथे शोभते. उत्तर 'नाही' असेल तर ते नाव फक्त पाटीवर आहे. ही कसोटी एका संस्थेला लावून भागणार नाही, कारण कोणतीही संस्था ती एकटीच्या बळावर पार करू शकत नाही. भाऊरावांनाही १९४८ च्या सुमारास ते करता आले नाही, म्हणून तर अनुदानाची झुंज द्यावी लागली.

म्हणून मागण्या स्पष्ट शब्दांत मांडल्या पाहिजेत. प्रत्येक जिल्ह्यात किमान एक महाविद्यालय असे असावे, की जेथे राहणे, जेवणे आणि शिकणे यांसाठी विद्यार्थ्याकडून एक पैसा घेतला जाणार नाही आणि ज्याचा संपूर्ण खर्च राज्य सरकार उचलील. तेथे श्रम असावेत, पण ते सर्वांना असावेत, तहसीलदाराच्या मुलालाही आणि शेतमजुराच्या मुलालाही. जेथे कामाचा मोबदला द्यायचा तेथे तो राज्याच्या किमान वेतनापेक्षा कमी असू नये. महाविद्यालयांपुढे लावलेला 'कायम विनाअनुदान' हा कलंक पुसला जावा आणि रिक्त पदे तासिका तत्त्वाची मलमपट्टी न करता पूर्ण वेतनावर भरली जावीत. शिष्यवृत्तीचा परतावा रखडला तर त्याची झळ सरकारला आणि संस्थेला बसावी, विद्यार्थ्याच्या दाखल्याला हात लावणे हा गुन्हा ठरावा. यांतील एकही मागणी क्रांतिकारक नाही. मूठभर धान्य आणि एक मंगळसूत्र एवढ्या भांडवलावर एका माणसाने यांतील बरेचसे करून दाखवले होते. लाखो कोटींचे अंदाजपत्रक मांडणाऱ्या राज्याला ते अशक्य वाटत असेल, तर त्या राज्याने निदान त्या माणसाच्या पुतळ्याला हार घालण्याचे तरी थांबवावे.

येत्या २२ सप्टेंबरला पुन्हा व्यासपीठ सजेल, पुन्हा स्वावलंबनाची महती गायिली जाईल. श्रोत्यांपैकी एखाद्या तासिका तत्त्वावरच्या अध्यापकाने, एखाद्या रात्रपाळी करून आलेल्या विद्यार्थ्याने त्या वेळी शांतपणे उभे राहावे आणि एकच प्रश्न विचारावा: आम्ही आमची मूठ टाकली आहे, सरकारची मूठ कोठे आहे? भाऊरावांना आदरांजली वाहण्याचा याहून योग्य प्रकार मला तरी दिसत नाही.